रेषा नेमकी कुठून जाते?

या वेळच्या बहुतेक पत्रांत एकच दुखणं आहे. जमीन स्वतःची, घर बांधायची ऐपतही कशीबशी जमवलेली, आणि परवानगी मागायला गेल्यावर कळतं की सातबारा एक सांगतोय आणि नकाशा दुसरंच. मी १९८४ साली नगर रचना खात्यात अनुरेखक म्हणून लागले आणि रचना सहायक म्हणून निवृत्त झाले. त्यामुळे 'जमीन या विभागात येत असल्याने परवानगी देता येत नाही' हे वाक्य वाचलं की मला आधी त्यामागचा नकाशा आठवतो. तो कोणी, कोणत्या कागदावरून आणि कसा काढला असेल, तेही आठवतं. सात पत्रं निवडली आहेत. नावं आणि गावं मुद्दाम दिलेली नाहीत.

ताई, वडिलांनी १९९३ साली चार गुंठे बिनशेती करून घेतले. तहसीलदारांच्या सहीची सनद आहे, अकृषिक साऱ्याच्या पावत्या आहेत. पुढे गावाची नगरपंचायत झाली. आता बांधकामाचा अर्ज 'जमीन शेती विभागात येते' या एका ओळीवर नाकारला. सनद मोठी की नकाशा? — एक वाचक, मराठवाडा

दोन्ही कागद खरे आहेत, फक्त ते वेगवेगळ्या प्रश्नांची उत्तरं देतात. तुमची सनद महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ खालची. ही जमीन आता शेतीशिवाय दुसऱ्या कामासाठी वापरायला शासनाची हरकत नाही आणि तिच्यावर अकृषिक आकारणी होईल, एवढं ती सांगते. नकाशातला 'शेती विभाग' येतो महाराष्ट्र प्रादेशिक व नगर रचना कायद्यातून. हा कायदाही १९६६ चाच, पण खातं वेगळं. या भागात पुढची वीस वर्षं काय उभं राहावं, हे तो ठरवतो. आणि सातबाऱ्यावर भूधारणा पद्धतीसमोर वर्ग १ की वर्ग २ लिहिलेलं असतं, तो तिसराच मामला. तिथे जमीन विकायला, वापर बदलायला शासनाची पूर्वपरवानगी लागते की नाही, एवढाच प्रश्न असतो. लोक या तिन्हींना मिळून 'झोन' म्हणतात आणि खिडकीवरचा कर्मचारीही कधी कधी तेच करतो. गोंधळ तिथून सुरू होतो.

तुमच्या बाबतीत सगळं तारखांवर आहे. गावाची योजना, मग ती प्रादेशिक असो की विकास योजना, प्रारूप म्हणून प्रसिद्ध होण्याआधी रीतसर मिळालेल्या परवानग्या आणि मंजूर रेखांकनं नियमावलीनं वाचवलेली असतात. नंतर नकाशात त्या भागाला शेतीचा हिरवा रंग दिला म्हणून आधीची परवानगी आपोआप मरत नाही. म्हणून प्रारूप योजना कोणत्या तारखेला प्रसिद्ध झाली ते लेखी मिळवा आणि सनदेची तारीख तिच्याशेजारी ठेवा. सनद आधीची असेल तर तुमची बाजू भक्कम आहे.

एक कच्चा दुवाही सांगते, कारण तो तुम्हाला कार्यालयात ऐकावा लागणारच आहे. सनदेच्या पाठीमागे अटी छापलेल्या असतात. त्यात ठरावीक मुदतीत, बहुधा एका वर्षात, अकृषिक वापर सुरू करावा अशी अट असते. वडिलांनी तेव्हा काहीच केलं नसेल तर 'परवानगी व्यपगत झाली', म्हणजे मुदत टळून संपली, असा मुद्दा निघू शकतो. त्यावर तुमच्याकडे काय आहे ते शोधा. पायाचं काम, कुंपण, वीजजोडणीचा अर्ज, घरपट्टीची नोंद, काहीही चालेल. साऱ्याच्या पावत्याही फार महत्त्वाच्या आहेत. शासनानं इतकी वर्षं ही जमीन अकृषिक मानून पैसे घेतले, हे त्या दाखवतात. सनदेसोबत मंजूर नकाशा जोडलेला असेल तर त्यावर नगर रचना कार्यालयाचा शिक्का आहे का तेही बघा. असला तर अर्ध्याहून अधिक वाद तिथेच संपतो.

दुसरं म्हणजे एका ओळीचा नकार स्वीकारू नका. नगर रचना कायद्याचं कलम ४५ सांगतं की नकाराची कारणं आदेशात दिली पाहिजेत. कोणत्या योजनेच्या, कोणत्या पत्रकावरून आणि नियमावलीच्या कोणत्या नियमानुसार नाकारलं, हे लेखी मागा. पण उत्तराची वाट बघत बसू नका, कारण कलम ४७ खालच्या अपिलाला नकार कळल्यापासून चाळीस दिवसांचीच मुदत आहे. तुम्हाला पत्र मिळून तीन आठवडे झाले असं लिहिलंय. पत्र आलेलं पाकीट टाकू नका, टपालाच्या शिक्क्याची तारीख लागेल.

काही जण तुम्हाला सांगतील की आता सनदेला किंमतच उरलेली नाही. ते अर्धवट ऐकलेलं आहे. २०१४ साली संहितेत ४२-अ आलं, २०१७ साली ४२-ब, क आणि ड आली, आणि योजना असलेल्या भागात वेगळ्या बिनशेती परवानगीची गरज कमी होत गेली. तेव्हापासून नकाशातल्या विभागाला वजन आलं, हे खरं. पण ही कलमं नव्यानं वापर बदलणाऱ्यांच्या सोयीसाठी आहेत. जुन्या परवानग्या पुसून टाकायला ती आणलेली नाहीत.

माझ्या नावावर अकरा गुंठे आहेत. झोन दाखल्यात 'अंशतः रहिवास, अंशतः शेती' असं आलं. कार्यालयाच्या म्हणण्याप्रमाणे रेषा जमिनीच्या मधोमध जाते. रहिवास भागात घराच्या चहूबाजूंची सामासिक अंतरं सोडली की दोन खोल्यासुद्धा बसत नाहीत. आमच्या आर्किटेक्टच्या मते रेषा बांधावरून जाते आणि पूर्ण जमीन रहिवासात आहे. कोणाचं खरं? — एक शिक्षिका, उत्तर महाराष्ट्र

तुमच्या पत्राला सविस्तर उत्तर देते, कारण अशा रेषा मी स्वतःच्या हातानं ओढलेल्या आहेत.

नोकरीला लागले तेव्हा मोठ्या टेबलावर गावाचा नकाशा पसरून वर ट्रेसिंग कापड ताणायचं आणि चारी कोपऱ्यांना पितळी पिना टोचायच्या. खालची गटांची हद्द कापडातून पुसट दिसायची. साहेबांनी पेन्सिलीनं ठरवलेली विभागाची रेषा आम्ही काळ्या शाईनं पक्की करायचो, अर्ध्या मिलिमीटरच्या निबनं. मग रहिवासाला पिवळा, शेतीला हिरवा. हाताला घाम आला की शाई फुटायची, म्हणून मनगटाखाली टीपकागद धरायचा. नकाशाचं प्रमाण होतं एकास दहा हजार. आता हिशेब बघा. त्या प्रमाणात कागदावरचा एक मिलिमीटर म्हणजे जमिनीवरचे दहा मीटर. माझ्या निबची नुसती जाडीच जमिनीवर पाच मीटर भरते. एक गुंठा म्हणजे तेहेतीस फूट बाय तेहेतीस फूट, म्हणजे बाजू साधारण दहा मीटर. म्हणजे कागदावर निब एका केसानं सरकली तर जमिनीवर कोणाची तरी एक खोली सरकायची. तेव्हा आम्हाला हे कोणी समजावलं नव्हतं, आणि मीही विचारलं नव्हतं. आज तुमच्यासारखं पत्र आलं की त्या टेबलाची आठवण होते आणि वाईट वाटतं.

आता तेच नकाशे स्कॅन करून संगणकावर चढवले आहेत आणि त्यावर मोजणीचा नकाशा बसवला जातो. पडद्यावर रेषा कितीही मोठी करून बघता येते, त्यामुळे ती फार अचूक असल्यासारखी वाटते. पण मूळ रेषा जितकी नेमकी, तितकीच ही. स्कॅन करताना कागद ताणलेला असेल, कापड वर्षानुवर्षांत आक्रसलेलं असेल, गावनकाशा आणि प्रत्यक्ष मोजणी यांचा मेळ नीट बसला नसेल, तर सगळा फरक तुमच्या अकरा गुंठ्यांत येऊन पडतो.

म्हणून आधी हे शोधा की रेषा ओढणाऱ्याच्या मनात काय होतं. आमच्याकडे रीत अशी होती की विभागाची हद्द शक्यतो सर्व्हे नंबरच्या किंवा गटाच्या हद्दीनं, रस्त्यानं, ओढ्यानं न्यायची. जमीन मधोमध कापायची ती सहसा गावठाणापासूनचं किंवा रस्त्यापासूनचं अंतर धरलेलं असेल तेव्हाच. तुमच्या बाबतीत शेजारच्या चार-पाच गटांत ती रेषा कशी जाते ते बघा. तिथे ती गटाच्या बांधाला धरून चालत असेल आणि फक्त तुमच्याकडे येऊन आत शिरत असेल, तर ती मुद्दाम आत घेतलेली नाही, नकाशा बसवताना सरकलेली आहे. हे दाखवायला तीन कागद पुरतात: भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणीची 'क' प्रत, नगर रचना कार्यालयाकडून मंजूर योजनेचा साक्षांकित भाग नकाशा, आणि शेजारच्या गटांसह गटनकाशाची प्रत. भाग नकाशा मागताना नुसता तुमचा गट मागू नका, आजूबाजूचे गट दिसतील इतका मोठा तुकडा मागा. लोक नेमके इथे चुकतात. एकट्या गटाच्या तुकड्यावर रेषा सरकलीय हे कधीच दिसत नाही.

योजनेसोबत अहवालही असतो. तो कोणी वाचत नाही. विभागांच्या हद्दी कोणत्या तत्त्वावर ठरवल्या हे त्यात बऱ्याचदा एखाद्या परिच्छेदात लिहिलेलं सापडतं. माहितीच्या अधिकारात त्या परिच्छेदाची प्रत मागता येते, तीस दिवसांत उत्तर मिळायला हवं.

आणि समजा रेषा खरोखरच जमिनीतून जाते. तरीही वाट बंद होत नाही. २ डिसेंबर २०२० ला मंजूर झालेल्या एकत्रीकृत विकास नियंत्रण व प्रोत्साहन नियमावलीत प्राधिकरणाच्या प्रमुखाला नियमांचा अर्थ लावताना काही विवेकाधिकार दिलेले आहेत. विभागाची रेषा एखाद्या भूखंडाला दुभागत असेल तर त्या विभागाची हद्द समायोजित करणं हा त्यांतलाच एक. मुंबई महापालिका आणि इतर काही क्षेत्रं सोडली तर ही नियमावली राज्यभर लागू आहे. तुमच्या अर्जात हा मुद्दा नावानिशी मांडा. 'कृपया सहानुभूतीपूर्वक विचार व्हावा' असं लिहू नका. 'माझा भूखंड विभागाच्या हद्दीनं दुभागला आहे, नियमावलीतील अधिकार वापरून हद्द समायोजित करावी' असं लिहा. पहिल्या वाक्यावर नस्तीत शेरा मारून ती बाजूला ठेवता येते. दुसऱ्यावर निर्णय द्यावा लागतो.

बाई, शेवटी एक विनंती. आर्किटेक्टनं 'मी पूर्ण जमीन रहिवासात दाखवून नकाशा टाकतो, पुढचं पुढे बघू' असं सुचवलं असेल तर ऐकू नका. चुकीच्या माहितीवर मिळालेली परवानगी नंतर रद्द होऊ शकते, आणि तेव्हा भिंती उभ्या असतात.

गावठाणापासून दोनशे मीटरच्या आत असेल तर बिनशेतीसाठी वेगळी परवानगी लागत नाही असं ऐकलं. तलाठी म्हणतात माझी जमीन बसत नाही. शेवटच्या घरापासून तर दीडशे मीटरसुद्धा भरत नाही. — एक वाचक, विदर्भ

अंतर शेवटच्या घरापासून मोजत नाहीत, गावठाणाच्या हद्दीपासून मोजतात. ही हद्द महसूल अभिलेखात ठरलेली असते. घरं ती ओलांडून केव्हाच पुढे गेलेली असतात, त्यामुळे डोळ्यांना गाव जिथे संपतं तिथे गावठाण संपत नाही. तुमचं अंतर म्हणूनच कमी वाटत असावं.

पण उलटही घडतं. एखाद्या गावाला मागे कधीतरी वाढीव गावठाण मंजूर झालेलं असतं आणि ते चालू नकाशावर चढवायचं राहून जातं. तसं काही झालं आहे का, हे उप अधीक्षक भूमी अभिलेख यांच्याकडे आणि तहसीलमध्ये विचारा. ड्रोनची मोजणी होऊन गावात स्वामित्व योजनेच्या मिळकत पत्रिका वाटल्या असतील तर त्या वेळचा गावठाणाचा नकाशाही मिळतो. अर्ज संहितेच्या कलम ४२-ड खाली करायचा असतो. या कलमांत वेळोवेळी बदल होत आले आहेत, म्हणून अर्जाच्या दिवशी लागू असलेला मजकूर तहसीलमधून बघून घ्या. सोबत मोजणी नकाशावर गावठाणाच्या हद्दीपासूनचं अंतर लिहून घ्या. ते भूकरमापकानं लिहिलेलं असावं, तुम्ही नव्हे.

आमची वडिलोपार्जित दोन एकर वरकस जमीन आहे. तीन पिढ्या नाचणी-वरी काढतो. घरासाठी अर्ज केला तर सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' रकान्यात 'राखीव वन' असा शेरा असल्याचं दाखवून अर्ज परत केला. तो शेरा कधी पडला हे घरात कोणालाच माहीत नाही. — एक वाचक, कोकण

अशी पत्रं कोकणातून सतत येतात आणि प्रत्येकात हेच वाक्य असतं: घरात कोणालाच माहीत नाही.

महाराष्ट्र खासगी वने (संपादन) कायदा १९७५ चा आहे. ३० ऑगस्ट १९७५ या दिवशी त्या कायद्याच्या व्याख्येत बसणारी खासगी वनं शासनाकडे निहित झाली, म्हणजे शासनाच्या मालकीची झाली. व्याख्येत एक भाग असा होता की भारतीय वन अधिनियम, १९२७ च्या कलम ३५(३) खाली ज्या जमिनीबद्दल नोटीस निघाली आहे, ती जमीनही खासगी वन धरायची. अशा नोटिसा आधीच्या काळात मोठ्या संख्येनं निघाल्या होत्या. राजपत्रात छापल्या गेल्या, पण पुष्कळ ठिकाणी त्या मालकाच्या हाती पोचल्याच नाहीत, ना त्यावर पुढे चौकशी झाली. अनेक वर्षांनी त्या याद्यांवरून सातबाऱ्यावर फेरफार पडले. तुमचा शेरा बहुधा असाच आला असावा, पण 'बहुधा' धरून चालू नका.

सर्वोच्च न्यायालयानं ३० जानेवारी २०१४ ला गोदरेज अँड बॉईस विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सांगितलं की नोटीस नुसती काढणं पुरेसं नाही, ती मालकावर बजावलेली असली पाहिजे. १९५० च्या दशकातल्या नोटिशीवर काहीही न करता दशकानुदशकं बसून राहायचं आणि मग तिच्या बळावर जमीन वन म्हणायची, हे न्यायालयानं मान्य केलं नाही. हा निकाल तुमच्या उपयोगाचा आहे. मात्र तो हातात घेऊन थेट बांधकाम परवानगीच्या खिडकीवर जाऊ नका. तिथला अधिकारी सातबाऱ्यावरचा शेरा काढू शकत नाही आणि तो असेपर्यंत परवानगीही देऊ शकत नाही. त्याच्याशी भांडून काही उपयोग नाही.

शेऱ्याच्या शेजारी फेरफार क्रमांक असतो. त्या फेरफाराची, म्हणजे गाव नमुना ६ ची, प्रत काढा. त्यात कोणत्या आदेशावरून नोंद घेतली ते लिहिलेलं असतं. त्या आदेशाची प्रत मागा. मग वनविभागाकडे तीन गोष्टी लेखी विचारा: तुमच्या सर्व्हे नंबरची ३५(३) ची नोटीस कोणत्या तारखेची, ती कोणावर आणि केव्हा बजावली याची पोच, आणि १९७५ नंतर जागेचा ताबा घेतल्याचा पंचनामा. सोबत १९७५ च्या आसपासचे पीकपाहणीचे उतारे जोडा. तुम्ही नाचणी-वरी काढत होता हे गाव नमुना बारामध्ये दिसलं पाहिजे. जमीन वन आहे की नाही असा वाद असेल तर त्याचा निर्णय द्यायचा अधिकार त्याच कायद्याच्या कलम ६ नं जिल्हाधिकाऱ्यांना दिला आहे. अर्ज त्या कलमाखाली करा. लहान खातेदारांना, म्हणजे एकूण धारणा बारा हेक्टरांच्या आत असलेल्यांना, जमीन परत देण्याची तरतूद कलम २२-अ मध्ये आहे. तुमच्या आजोबांनी त्या वेळी तसा अर्ज केला होता का, घरातल्या जुन्या पेटीत एकदा बघाच. मला माझ्या कामात अशा पेटीतून निघालेला, घडीवर फाटलेला एक आदेश बघायला मिळाला होता. त्या कुटुंबाची जमीन परत देण्याचा हुकूम कित्येक वर्षांपूर्वीच झाला होता, फक्त सातबाऱ्यावर चढला नव्हता.

जमीन परत मिळालेली असली तरी तिच्यावर प्रत्यक्ष दाट झाडोरा असेल तर वन संवर्धन कायद्याचा प्रश्न उरतो, हे मनाशी धरून चला. भातखाचर आणि वरकस तुकड्यात घराची जागा निवडताना खाचराकडची निवडा. यात वकील लागेल. महसुली कामं करणारा बघा.

आम्ही वीस वर्षं ज्या जागेवर राहतो ती गायरान निघाली. ग्रामपंचायतीची घरपट्टी आमच्या नावे आहे. आता पक्कं घर बांधायला परवानगी मिळेल का? — एक वाचक

नाही. मन दुखेल असं उत्तर आहे, पण तुम्हाला खोटी आशा दाखवणार नाही.

ग्रामपंचायतीच्या नमुना ८ वर नाव असणं म्हणजे कर कोणी भरायचा याची नोंद. ती मालकी नव्हे. गायरान गुरचरणासाठी राखून ठेवलेलं असतं. जगपाल सिंग प्रकरणात २८ जानेवारी २०११ ला सर्वोच्च न्यायालयानं अशा सार्वजनिक जमिनींवरची अतिक्रमणं काढण्याबद्दल सर्व राज्यांना निर्देश दिले आणि जमीन महसूल संहितेतही पुढे कलम २२-अ घालून गुरचरण जमिनीचा वापर बदलायला मनाई केली. अशा जागेवर कर्ज काढून पक्कं घर बांधू नका. तुमच्याकडे दुसरी जागा नसेल तर घरकुल योजनेत भूमिहीन म्हणून जागेसाठी अर्ज करा. घरपट्टीच्या पावत्या तिथे तुम्ही गावचे रहिवासी असल्याचा पुरावा म्हणून उपयोगी पडतील.

शेजाऱ्याला २००४ मध्ये परवानगी मिळाली, घर उभं आहे. मला मात्र निळ्या रेषेच्या आत म्हणून नाकारली. दोघांचं नदीपासूनचं अंतर सारखंच. हा अन्याय नाही का? — एक वाचक, नदीकाठचं गाव, पश्चिम महाराष्ट्र

तुम्हाला तसं वाटणं साहजिक आहे. पण पूररेषा अंतरावरून आखत नाहीत, पाण्याच्या पातळीवरून आखतात. निळी रेषा म्हणजे सरासरी पंचवीस वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची पातळी, लाल रेषा म्हणजे शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. नदीपासून सारख्याच अंतरावरच्या दोन घरांपैकी एक उंचवट्यावर असेल आणि दुसरं खोलगटात, तर एक बाहेर आणि एक आत येऊ शकतं. शेजाऱ्याची परवानगी तुमच्या भागात रेषा आखल्या जाण्याआधीचीही असू शकते, म्हणून तिचा दाखला अपिलात टिकणार नाही.

टिकेल ते मोजमाप. जलसंपदा विभागाच्या पूररेषा नकाशावर तुमच्या जागेजवळ निळ्या रेषेची पातळी मीटरमध्ये दिलेली असते. तुमच्या जमिनीच्या नैसर्गिक पातळ्या परवानाधारक सर्वेक्षकाकडून मोजून घ्या, किमान चारी कोपरे आणि मध्य. जमीन त्या पातळीच्या वर भरत असेल तर दोन्ही कागद जोडून जलसंपदा विभागाकडून पडताळणी मागा. निळ्या आणि लाल रेषेच्या मध्ये येत असाल तर जोतं पुरेसं उंच ठेवण्याच्या अटीवर बांधकामाला वाव आहे. पण मुरूम टाकून जमीन वर उचलायची आणि मग मोजायची, असं करू नका. भरावानं रेषा बदलत नाही, आणि तुमच्याकडून अडलेलं पाणी शेजाऱ्याच्या ओट्यावर चढतं. जमीन खरोखरच खाली असेल तर तिथे घर नको. २००५ आणि २०१९ चे कृष्णा-पंचगंगेचे पूर आठवा. माळ्यावर रात्र काढलेल्या माणसांशी मी बोलले आहे.

अर्ज देऊन सत्तर दिवस झाले, काहीच उत्तर नाही. साठ दिवसांनंतर परवानगी मिळाली असं समजतात ना? काम सुरू करू का? आमच्या जमिनीच्या विभागाबद्दल त्यांनी तोंडी शंका काढली होती. — एक वाचक, पुणे विभाग

सुरू करू नका.

नगर रचना कायद्याच्या कलम ४५ मध्ये साठ दिवसांत निर्णय कळवला नाही तर परवानगी दिल्याचं मानायचं, हे आहे. पण त्याला जोडूनच अट आहे की बांधकाम योजनेशी आणि नियमावलीशी पूर्णपणे जुळणारं असलं पाहिजे. तुमच्या बाबतीत वाद विभागाचाच आहे. उद्या ठरलं की जमीन शेती विभागात येते, तर ती मानीव परवानगी मुळात नव्हतीच असं होईल आणि तुमचं जोतं अनधिकृत ठरेल. शिवाय साठ दिवस कुठून मोजायचे तेही बघा. त्यांनी मध्ये एखादा कागद मागितला असेल तर तुम्ही तो दिला त्या दिवसापासून मोजणी सुरू होते. ऑनलाइन अर्ज असेल तर त्रुटीचा शेरा प्रणालीत पडलेला असतो आणि आर्किटेक्टच्या लॉगिनलाच दिसतो. आधी त्यांच्याकडून तो पडदा समोर उघडून बघा.

शंका तोंडी आहे, ती कागदावर आणा. 'माझ्या गटाचा विभाग कोणता याबद्दल कार्यालयाला शंका असल्यास ती लेखी कळवावी, मी साक्षांकित भाग नकाशा व मोजणीची प्रत सोबत जोडत आहे' एवढं लिहून आवक विभागात द्या आणि आवक क्रमांक घ्या. उत्तर काय आलं ते मला कळवा. नकार आला तर अपिलाचे चाळीस दिवस तिथून सुरू होतील. तोवर ठेकेदाराला उचल देऊ नका.